मंगळाचे पंचांग
(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा लेखरूप आशय)



जेथे माणसाची वस्ती नाही, तेथल्या पंचांगाची उठाठेव कशाला, असा प्रश्न आजचा विषय ऐकून काहींच्या मनात आला असेल. तो रास्तच आहे. तथापि, परक्या आकाशाखाली आपला काळ कसा मोजावा, हा प्रश्न केवळ मंगळापुरता नाही. महाराष्ट्राबाहेर, उत्तरेत पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या आपणां सर्वांना तो चांगला परिचित आहे.

कालगणनेची पहिली पायरी म्हणजे दिवस. अमेरिकन कादंबरीकार एडगर राइस बरोज यांनी १९१२ पासून मंगळावरील एका काल्पनिक संस्कृतीच्या कथा लिहिल्या. तेथील लोक आपल्या ग्रहास ‘बार्सूम’ म्हणतात. त्यांचा दिवस सकाळी सहाच्या सुमारास सुरू होतो; त्याचे दहा ‘झोड’, एका झोडाचे पन्नास ‘झॅट’ आणि एका झॅटाचे दोनशे ‘टाल’ होतात. म्हणजे दिवसाचे एक लक्ष टाल, आणि एक टाल आपल्या सेकंदाहून किंचित लहान. हे वाचताना आपल्या घटी, पळे आणि विपळे यांची आठवण होणे अपरिहार्य आहे. आपणही दिवस सूर्योदयापासून धरतो, त्याच्या साठ घटी करतो, घटीची साठ पळे आणि पळाची साठ विपळे मोजतो. बरोज यांनी दशमान पत्करले आणि आपल्या पूर्वजांनी साठ ही संख्या पत्करली, एवढाच काय तो भेद.

बरोज यांनी मंगळाचा दिवस २४ तास ३७ मिनिटांहून किंचित मोठा मानला. वस्तुतः हा नाक्षत्र दिन होय. सूर्याच्या अनुरोधाने मोजलेला दिवस २४ तास ३९ मिनिटे ३५ सेकंदांचा आहे. दोहोंत सुमारे सव्वादोन मिनिटांचे अंतर; परंतु मंगळाच्या एका वर्षात ते साचत साचत बरोबर एका दिवसाएवढे होते. नाक्षत्र आणि सावन दिनांतील हा विवेक आपल्या सिद्धान्तग्रंथकारांनी शतकानुशतके सांभाळला आहे.

दुसरी पायरी महिन्याची, आणि येथे मंगळ आपली खरी परीक्षा घेतो. त्याला चंद्र दोन आहेत, पण मास मोजण्याच्या कामी दोन्ही निरुपयोगी. फोबॉस अवघ्या ७ तास ३९ मिनिटांत प्रदक्षिणा पुरी करतो, आणि म्हणून तो पश्चिमेस उगवून पूर्वेस मावळतो. दैमॉसला सुमारे तीस तास लागतात. जेथे पौर्णिमा दिवसाउजेडी येऊन जाईल, तेथे तिथी कशी राहणार आणि संकष्टी कशी धरणार?

१९८५ साली थॉमस गँगाले या अमेरिकन अभियंत्याने मंगळासाठी ‘डेरियन’ नावाची दिनदर्शिका रचली. नाव आपल्या मुलावरून दिले. मंगळाचे वर्ष त्याच्या स्वतःच्या दिवसांत सुमारे ६६८.५९ दिवसांचे. गँगाले यांनी त्याचे चोवीस महिने केले. सहा महिन्यांचा एक चरण. त्यात पाच महिने २८ दिवसांचे आणि सहावा २७ दिवसांचा. असे चार चरण मिळून ६६८ दिवस होतात. उरलेल्या अपूर्णांकासाठी दहांपैकी सहा वर्षांत एक अधिक दिवस धरावयाचा. आपल्या अधिक मासाचेच हे धाकटे भावंड म्हणावे!

मात्र मला विशेष कौतुक वाटले ते महिन्यांच्या नावांचे. प्रत्येक राशीचे एक लॅटिन आणि एक संस्कृत नाव अशी ती जोडीने येतात. धनु, मकर, कुंभ, मीन ही आपली नावे तेथे नांदत आहेत. याला शास्त्रीय आधारही आहे. तारे इतके दूर आहेत की मंगळावरून दिसणारे राशिचक्र आपलेच असते. फक्त सूर्य एका राशीत जवळजवळ दुप्पट काळ मुक्काम करतो.

या रचनेवर माझा एक आक्षेप मात्र आहे. प्रत्येक महिना आठवड्याच्या पहिल्याच वारी सुरू व्हावा, यासाठी २७ दिवसांच्या महिन्यात शेवटचा वार गाळला जातो. सोय झाली खरी, परंतु वारांची अखंड साखळी तुटली. १९५० च्या दशकात भारताने संयुक्त राष्ट्रसंघात पुरस्कारलेल्या जागतिक दिनदर्शिकेतही वर्षाचा एक दिवस वाराविना राहणार होता; तिला झालेल्या विरोधाचे एक प्रमुख कारण हेच होते.

हा विरोध निव्वळ हटवादाचा नव्हता. आपल्याच गावचे उदाहरण घ्या. आपला मास अमान्त, शेजाऱ्यांचा पूर्णिमान्त. आपण जिला श्रावण वद्य अष्टमी म्हणतो, तिलाच ते भाद्रपद कृष्ण अष्टमी म्हणतात. कृष्णजन्म मात्र एकाच रात्री होतो. आपण शके लिहितो, ते विक्रम संवत लिहितात, आणखी कोणी हिजरी सन लिहितात. इतक्या मतभेदांतही सोमवार सर्वांचा सोमवारच असतो. आकाशात ज्याला कसलाही आधार नाही, तो वारच माणसामाणसांना जोडणारा सर्वांत बळकट धागा ठरला आहे. नव्या ग्रहावर वस्ती करणाऱ्यांनी बाकी काहीही बदलावे. परंतु ज्या धाग्यावर भिन्न पंचांगांची माणसे एकत्र येतात, तो तोडू नये.

किंबहुना, कालगणना म्हणजे केवळ सूर्यचंद्रांचे गणित नव्हे. अमुक दिवशी आपण सारे भेटू, असा समाजाने स्वतःशी केलेला तो करार होय. असा करार या मंडळाने परप्रांतात पन्नास वर्षे पाळला आहे. मंगळाच्या मानाने ती साडेसव्वीस वर्षांहून थोडीशीच अधिक भरतात. तेव्हा तेथील गणनेने सुवर्णमहोत्सव अद्याप दूर आहे, आणि तेवढे काम आपल्या पुढील पिढीसाठी शिल्लक आहे, असे समजून तिला आजपासूनच पाडव्याचे निमंत्रण देऊ या.