आईची साथ
(संस्थेच्या वार्षिक पालक मेळाव्यात केलेले भाषण)



मूल दहावी पास झाले की डॉक्टर, इंजिनिअर, शिक्षक किंवा परदेशातील नोकरी, एवढेच रस्ते आपल्याला दिसतात. गेल्या वर्षी बी. ए. झाल्यावर माझ्या मुलीने पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची प्रवेशपरीक्षा देण्याची इच्छा सांगितली. तेव्हा मीही प्रथम 'नाही' म्हणाले. 'लोक काय म्हणतील?' हे वाक्य माझ्याच तोंडून निघाले. मुलगी गप्प झाली. तिचे ते गप्प बसणे मला फार लागले. म्हणून आज एका आईची हकीकत सांगते.

थोर चित्रपट दिग्दर्शक सत्यजित राय यांचे वडील १९२३ साली वारले. मूल तेव्हा अडीच वर्षांचेही नव्हते. पुढे घरचा छापखाना बुडाला, राहते घर सुटले. त्यांच्या आई सुप्रभा राय मुलाला घेऊन भावाच्या आश्रयाला आल्या. पण त्या हात जोडून बसल्या नाहीत. कलकत्त्यात रोज बसने लांबचा प्रवास करून त्या विधवा स्त्रियांच्या संस्थेत शिवणकाम शिकवीत. मुलगा पदवीधर झाला, तेव्हा हातची मिळकत धरून ठेवण्याचा विचार न करता त्यांनी त्याला शांतिनिकेतनात चित्रकला शिकण्यास जाण्याचा आग्रह केला. तो स्वतः फारसा राजी नव्हता. १९४० साली तो गेला आणि तेथेच त्याला आपल्या मातीकडे पाहण्याची दृष्टी मिळाली.

पुढे 'पथेर पांचाली'चे चित्रण १९५२ मध्ये सुरू झाले. राय जाहिरात कंपनीतील नोकरी सांभाळून सुटीच्या दिवशी काम करीत. पैसा संपला, पत्नीचे दागिने गहाण पडले, काम थांबले. अशा वेळी आईने ओळखीच्या एका बाईंमार्फत मुख्यमंत्री डॉ. बिधानचंद्र रॉय यांच्यापर्यंत गोष्ट पोहोचवली. सरकारी पैसा मिळाला, १९५५ साली चित्रपट पुरा झाला आणि १९५६ मध्ये कान महोत्सवात गौरवला गेला. आई १९६० साली वारल्या. मुलाचे यश त्यांनी डोळ्यांनी पाहिले.

कोणी म्हणेल, हे मुलाचे झाले, मुलीचे काय? तर फातमा बेगम यांनी १९२६ सालीच 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला. त्या भारतातील पहिल्या स्त्री दिग्दर्शक. त्यांची मुलगी जुबेदा १९३१ च्या 'आलम आरा' या पहिल्या भारतीय बोलपटाची नायिका झाली.

मातांनो, मुलांचे सर्व हट्ट पुरवा असे मी म्हणत नाही. शिक्षण पुरे होऊ द्या, पोटापाण्याची सोय पाहू द्या. रायसाहेबांनीही नोकरी सोडण्याची घाई केली नाही. पण मुलाच्या अंगी खरी आवड व कष्टाची तयारी दिसली, तर लोकांच्या बोलण्यापुढे आपण आडोसा होऊन उभे राहिले पाहिजे.

आणि विद्यार्थ्यांनो, आईचा विश्वास हे कर्ज आहे. ते मेहनतीनेच फिटते.

माझ्या मुलीने यंदा परीक्षा दिली. निवड झाली नाही. सध्या ती एका शाळेत शिकवते आणि रात्री अभ्यास करते. पुढच्या वर्षी ती पुन्हा बसणार आहे. फॉर्मची फी मी भरणार आहे. आपण सर्वांनी तिच्यासाठी दुवा करावी.