भिंतीवर लिहिलेला चौक



देवळाचा जीर्णोद्धार म्हटला की पहिला विचार होतो तो कळसाचा, गाभाऱ्याच्या दगडाचा आणि सभामंडपाच्या लाद्यांचा. भिंतीचा विचार सर्वांत शेवटी, आणि तोही रंग कोणता लावावयाचा एवढ्यापुरताच. आजचे चार शब्द मात्र भिंतीविषयी आहेत. ज्या शेतकऱ्यांनी आपल्या कुडाच्या भिंतीलाच देव्हारा मानले, त्यांच्या कलेविषयी आहेत.

जगाच्या कलेच्या इतिहासात शेतकरी पुष्कळ ठिकाणी भेटतो. ब्रूगेल नावाच्या चित्रकाराने १५६५ साली कापणी करणारी आणि जेवून झाडाखाली आडवी झालेली माणसे रंगविली. फ्रान्सच्या मिले याने १८५७ साली कापणी झालेल्या शेतात सरवा वेचणाऱ्या तीन बायका दाखविल्या. पॅरिसच्या सुखवस्तू मंडळींना ते चित्र रुचले नाही. गरिबीला एवढी मोठी जागा कशाला, असे त्यांना वाटले. आपल्याकडे डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसचे अधिवेशन प्रथमच खेड्यात, खानदेशातील फैजपूर येथे भरले. तेव्हा गांधीजींनी शांतिनिकेतनच्या नंदलाल बोसांना सजावटीसाठी बोलाविले आणि त्यांनी बांबूसारख्या गावच्या साहित्यातून ती उभी केली. हे सारे थोरच काम. परंतु यात शेतकरी बहुधा चित्रात असतो, कुंचला दुसऱ्याच्या हातात असतो.

कुंचला शेतकऱ्याच्याच, नव्हे शेतकरणीच्या हातात पाहावयाचा तर फार लांब जावे लागत नाही. पनवेलहून ठाणे ओलांडून उत्तरेला डहाणू-तलासरीकडे गेले की वारल्यांचे पाडे लागतात. पूर्वीचा हा ठाणे जिल्हा, २०१४ पासून पालघर. तेथे लग्नघराची भिंत शेणामातीने सारवून तिला गेरू देतात. तांदूळ वाटून पाण्यात कालवतात, बांबूच्या काडीचे टोक चावून मऊ करतात आणि सवाशिणी चौक लिहितात. चित्र 'काढीत' नाहीत, 'लिहितात'. शब्द त्यांचाच आहे. चौकोनाच्या मधोमध पालघट देवी, भोवती झाडे, जनावरे, नाचणारी माणसे, सूर्य आणि चंद्र. दोन त्रिकोण टोकाला टोक लावून ठेवले की माणसाचे अंग झाले! धवलेरी गाणी म्हणते, देवांना बोलाविते, लग्न तीच लावते. चौकाशिवाय लग्न नाही. त्याच तांदळाची कणसरी देवता; जे शेतात पिकते, तेच भिंतीवर देव होऊन बसते.

आता याच लग्नाची दुसरी बाजू. लग्नाला पैसा लागे आणि तो वारल्याजवळ नसे. तो जमीनदाराकडून किंवा सावकाराकडून घ्यावयाचा, आणि फेडीसाठी नवराबायकोने त्याच्या घरी राबावयाचे. अशा माणसाला लग्नगडी म्हणत. कर्ज फिटत नसे; कित्येकांची सारी हयात त्यात गेली. म्हणजे ज्या दिवशी भिंतीवर चौक उमटे, त्याच दिवशी गुलामीलाही सुरुवात होई. १९४५ साली वारल्यांनी वेठबिगारीविरुद्ध उठाव केला. गोदावरी परुळेकरांनी त्याची हकीकत 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकात लिहून ठेवली आहे. पुस्तक १९७० चे. चौकाची स्तुती करणाऱ्यांनी ते अवश्य वाचावे, नाहीतर चित्र अर्धेच पाहिल्यासारखे होते.

१९७० नंतरच्या थोड्याच वर्षांत भास्कर कुलकर्णी नावाचे चित्रकार या भागात फिरू लागले. त्यापूर्वी बिहारात दुष्काळ पडला असता मिथिलेच्या बायकांना भिंतीवरील चित्रे कागदावर काढावयास लावणारे हेच गृहस्थ. डहाणू तालुक्यात गंजाडजवळ त्यांना जिव्या सोमा मशे भेटले. मशे यांचा जन्म १९३४ चा. लहानपणी आई गेली आणि त्या धक्क्याने त्यांची वाचाच बसली. काही वर्षे धुळीत चित्रे काढून ते मनातले सांगत. चौक हे बायकांचे काम. मशे यांनी तेच हत्यार घेऊन लावणी, मासेमारी, जाळी, तारप्यावरचा नाच असे सगळे रोजचे जगणे लिहिले. १९७६ साली त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, १९८९ मध्ये पॅरिसच्या मोठ्या प्रदर्शनात त्यांची चित्रे लागली, २०११ मध्ये पद्मश्री झाली. २०१८ साली ते वारले. गौरव योग्यच, पण ज्या सवाशिणींनी पिढ्यान्‌पिढ्या भिंती लिहिल्या, त्यांतील फार थोड्यांची नावे कोठे नोंदली गेली.

पनवेल-उरणकडे काय आहे? आगरी घरच्या लग्नात धवलारीण धवले गाते, हे येथील प्रत्येकाला ठाऊक आहे. लिहितावाचता न येणारी म्हातारी शेकडो धवले तोंडपाठ म्हणते. मात्र तिच्या पायाखालची जमीन बदलली. १९७० पासून नव्या मुंबईसाठी ठाणे, पनवेल, उरण भागांतील ९५ गावांच्या जमिनी संपादनाखाली आल्या. जानेवारी १९८४ मध्ये जासईच्या लढ्यात पाच शेतकरी हुतात्मे झाले. खाचरे गेली, मिठागरे गेली. कुडाची घरे जाऊन स्लॅबची आली आणि सारवण्याजोगी भिंतच उरली नाही. पक्के घर नको असे कोणी म्हणणार नाही. पावसाळ्यात गळक्या छपराखाली राहिलेल्याला ते शिकवू नये.

परंतु देऊळ हे सर्वांचे घर आहे. सभामंडपाची एक आतली भिंत लाद्यांवाचून ठेवावी. तिला दर दिवाळीपूर्वी माती आणि गेरू द्यावा, आणि गावच्या जुन्या बायकांना जे येत असेल, रांगोळी, पावले, देवीचा चौकोन, ते त्यांच्याकडून लिहून घ्यावे. शेजारी मुलींना बसवावे. यासाठी देणगीदारांकडे नवी पावती फाडावयाची गरज नाही. शेरभर तांदूळ, गेरू आणि बांबूच्या चार काड्या पुरतात. जी म्हातारी लिहील तिचे नाव भिंतीच्या कडेला घालावे, आणि धवलारणींचे धवले कोणी तरुणाने वहीत उतरवून ती वही देवळाच्या कपाटात ठेवावी. हे काम कळस चढण्यापूर्वी सुरू व्हावे, कारण त्या बायका आज सत्तरी-ऐंशीच्या घरात आहेत.