अंधाऱ्या खोलीतले काम
(मंडळाच्या वर्धापनदिनी दिलेले भाषण)



सिनेमा आपण साऱ्याच पाहतो. कॅमेरा धरणारा माणूस आपल्या ध्यानात येतो. मागाहून एकट्याने बसून कोणता तुकडा ठेवावा नि कोणता टाकावा हे ठरविणारा मात्र कुणाच्या ध्यानातही येत नाही. दादासाहेब फाळक्यांनी ही दोन्ही कामे केली. 1912 साली ते विलायतेहून कॅमेरा घेऊन आले, पण जवळ भांडवल नव्हते. मग त्यांनी कुंडीत वाटाणे पेरले आणि महिनाभराहून अधिक काळ रोज थोडी थोडी चित्रे घेतली. मिनिटभराच्या फितीत रोप भराभर वाढताना दिसू लागले! ते पाहून कर्ज देणारे पुढे आले. मला नवल वाटते ते याचे, की त्या फितीत कात्रीला कामच नव्हते. दिवसातले काही क्षण घ्यायचे नि उरलेले सोडायचे, ही निवड कॅमेऱ्यातच झाली.

पुढे 'राजा हरिश्चंद्र'चा कॅमेरा त्र्यंबक तेलंगांनी चालविला, संकलन फाळक्यांनी केले. 3 मे 1913 रोजी मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात तो लोकांपुढे आला. परंतु कोऱ्या फितीला छिद्रे कुणी पाडली? सरस्वतीबाई फाळक्यांनी. मी घरी पाटी-पेन्सिल घेऊन हिशेब केला. एका फुटात सोळा चित्रे, प्रत्येक चित्राच्या दोन्ही कडांना चार-चार छिद्रे, म्हणजे फुटाला 128. चित्रपट सुमारे 3,700 फुटांचा. छिद्रे झाली पावणेपाच लाखांच्या घरात. यंत्र होते खरे, पण काम अंधारात, कारण उजेड लागला की फीत वाया. शिवाय फीत धुण्याची रसायने कालवणे आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाक! मजुरीचा प्रश्न कुणाच्या मनात तरी आला असेल का?

आपल्या गोंदियाकडच्या विडी वळणाऱ्या बायांना हे निराळे सांगायला नको. हिशेब हजार विड्यांचा होतो. पाने भिजविण्या-कापण्यात गेलेली सकाळ त्यात कुणी धरीत नाही.

माझी पुतणी लग्नांचे चित्रण करते आणि संकलनही स्वतःच करते. तिरोड्याकडच्या एका लग्नाचे पैसे मागायला गेली, तर यजमान म्हणाले, "बाई, काम तर एकाच दिवसाचं होतं ना?" त्यानंतर ती सात रात्री संगणकापुढे बसली होती. आजीचा डोळे पुसतानाचा क्षण तिनेच टिपला होता, म्हणूनच चार तासांच्या चित्रणातून तो तिला नेमका सापडला. परका संकलक असता तर तो तुकडा बहुधा वगळला असता. पैसे मिळाले ते एका दिवसाचेच.

आजच्या समारंभाचे चित्रणही तीच करीत आहे. ती पाहा, खांबाजवळ उभी आहे. आपलीच मुलगी म्हणून मंडळाने तिला नारळ नि साडी द्यावी, अशी सूचना आली आहे. साडी जरूर द्या. पण चिटणीसबाईंकडे मी तिचे बिल दिले आहे. त्यात दोन ओळी आहेत, चित्रण एक दिवस आणि संकलन आठ दिवस. दुसरी ओळ खोडू नये, एवढे माझे मागणे आहे.