मुठी त्याच्या, हिशेब दुसऱ्यांचा
(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील व्याख्यानाचा मजकूर)



१९५३ साली अमेरिकेत एक कृष्णवर्णीय माता निधन पावली. जाताना तिने आपल्या एका मुलाच्या नावे ६६७ डॉलर ठेवले होते. ही रक्कम मुलाच्या हाती पडली नाही. प्राप्तिकर खात्याने ती परस्पर जप्त केली. हा मुलगा कर बुडवून गडगंज झालेला कोणी कारखानदार नव्हता. जवळजवळ बारा वर्षे जागतिक हेवीवेट मुष्टियुद्धाचे अजिंक्यपद भूषविलेला, हिटलरच्या वंशश्रेष्ठत्वाच्या वल्गनेला दोन मिनिटांत उत्तर देणारा आणि महायुद्धात आपल्या सामन्यांची कमाई सैनिकांच्या कल्याणनिधीला देऊन टाकणारा जो लुई तो हाच. त्याच्या जीवनाची ही कहाणी एका मल्लाची आहे, तशीच ती अंगमेहनत विकून जगणाऱ्या एका कामगाराचीही आहे. आजच्या विवेचनाचा रोख या दुसऱ्या बाजूवर आहे.

जोसेफ लुई बॅरो याचा जन्म १३ मे १९१४ रोजी अलाबामा राज्यातील लाफाएट या गावाजवळ झाला. आई-वडील दोघेही पूर्वीच्या गुलामांची मुले. कायद्याने गुलामगिरी संपली होती. पण जमीन गोऱ्या मालकांकडेच राहिली होती आणि तीवर राबणाऱ्याच्या वाट्याला कर्ज व दारिद्र्य यांखेरीज फारसे काही येत नव्हते. जो दोन वर्षांचा असतानाच वडिलांची रवानगी मनोरुग्णालयात झाली. पुढे आईने दुसरा संसार मांडला आणि १९२६ साली हे कुटुंब उत्तरेकडे डेट्रॉइटला आले. दक्षिणेतील दहशत व उपासमार यांना कंटाळून लक्षावधी कृष्णवर्णीय त्या काळात उत्तरेच्या औद्योगिक शहरांकडे निघाले होते. त्या लोंढ्यातलेच हे एक घर. फोर्डच्या मोटार कारखान्यात घरातल्या पुरुषांना काम मिळाले. जोनेही काही काळ तेथे मजुरी केली. मुलाने व्हायोलिन शिकावे म्हणून आई पैसे देत असे आणि तो ते पैसे मुष्टियुद्धाच्या तालमीत भरत असे. १९२९ नंतरच्या महामंदीत कुटुंबाला सरकारी मदतीवर दिवस काढावे लागले. हाती पैसा येताच लुईने ती मदतीची रक्कम शहराच्या तिजोरीत परत भरली. पुढे याच माणसाला सरकारने कर्जबाजारी ठरवले, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे.

४ जुलै १९३४ रोजी शिकागोत तो पहिल्यांदा धंदेवाईक मुष्टियोद्धा म्हणून रिंगणात उतरला. पहिल्या सामन्याची बिदागी होती ५९ डॉलर. त्याचे दोन्ही व्यवस्थापक, जॉन रॉक्सबरो व ज्यूलियन ब्लॅक, आणि त्याचा उस्ताद जॅक ब्लॅकबर्न हे तिघेही कृष्णवर्णीयच होते. त्यांनी त्याला ठोसे शिकवले, त्याचबरोबर वागण्याचे कडक नियमही घालून दिले. गोऱ्या स्त्रीसोबत छायाचित्र काढू द्यायचे नाही, पाडलेल्या प्रतिस्पर्ध्याकडे पाहून हसायचे नाही, विजयाचा गर्व दाखवायचा नाही. या नियमांमागे जुनी जखम होती. १९०८ साली जॅक जॉन्सन हा पहिला कृष्णवर्णीय हेवीवेट जगज्जेता झाला. तो ताठ मानेने जगला, त्याने गोऱ्या स्त्रियांशी विवाह केले आणि १९१३ साली नीतिमत्तेच्या नावाखालील एका कायद्याचा आधार घेऊन त्याला दोषी ठरवण्यात आले. अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांनी त्याला माफी दिली ती २०१८ साली, त्याच्या मृत्यूनंतर ७२ वर्षांनी. जॉन्सननंतर दोन दशके कोणाही कृष्णवर्णीयाला त्या पदासाठी लढण्याची संधीच मिळाली नव्हती. म्हणून लुईला रिंगणात सिंह आणि रिंगणाबाहेर मुका व्हावे लागले.

ही संधी तरी त्याला कोणत्या अटींवर मिळाली? मुष्टियुद्धाच्या धंद्यात लढणारा एक आणि कमावणारे अनेक असतात. व्यवस्थापक कमाईत वाटा घेतो, सामने भरवणारा तिकीटविक्री व प्रसारणाचे हक्क हाती ठेवतो, आणि कोणाला कोणाशी लढू द्यायचे हेही तोच ठरवतो. न्यूयॉर्कमध्ये ही सत्ता माइक जेकब्ज याच्या हाती होती. १९३७ साली जगज्जेता जेम्स ब्रॅडॉक याने लुईशी लढण्यास संमती दिली, तेव्हा त्याच्या व्यवस्थापकाने एक करार पदरात पाडून घेतला. ब्रॅडॉक हरला, तर पुढची दहा वर्षे हेवीवेट अजिंक्यपदाच्या सामन्यांतून जेकब्जला होणाऱ्या नफ्याचा दहावा हिस्सा ब्रॅडॉकच्या बाजूला मिळायचा होता. २२ जून १९३७ रोजी शिकागोत लुईने आठव्या फेरीत ब्रॅडॉकला पाडले आणि तो जगज्जेता झाला. त्याच्या भावी कष्टांच्या फळांची वाटणी मात्र अगोदरच होऊन गेली होती.

पुढच्याच वर्षीचा सामना इतिहासात अमर झाला आहे. १९३६ साली जर्मनीच्या मॅक्स श्मेलिंगने लुईला बाराव्या फेरीत गारद केले होते आणि नाझी वृत्तपत्रांनी त्या विजयाचा आर्यवंशाच्या श्रेष्ठत्वाचा पुरावा म्हणून डांगोरा पिटला होता. २२ जून १९३८ रोजी न्यूयॉर्कच्या यँकी स्टेडियममध्ये सत्तर हजार प्रेक्षकांसमोर दोघे पुन्हा भिडले. अवघ्या १२४ सेकंदांत लुईने श्मेलिंगचा फडशा पाडला. हार्लेमच्या रस्त्यांवर रात्रभर माणसे नाचत होती. दक्षिणेत ज्यांना मतपेटीजवळ फिरकू दिले जात नव्हते, त्यांना आपला एक माणूस साऱ्या अमेरिकेचा प्रतिनिधी म्हणून उभा राहिलेला दिसला. मात्र न्यायासाठी हेही सांगितले पाहिजे की, श्मेलिंग स्वतः नाझी पक्षाचा सभासद नव्हता. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरमध्ये ज्यूंवर हल्ले झाले, तेव्हा त्याने दोन ज्यू मुलांना आपल्याजवळ लपवून ठेवले. हुकूमशाही खेळाडूच्या तोंडी आपली भाषा घालते; म्हणून ती त्याची भाषा असतेच असे नाही.

अमेरिका युद्धात उतरल्यावर, जानेवारी १९४२ मध्ये, लुईने बडी बेअरविरुद्धच्या सामन्यातील आपली कमाई आरमाराच्या कल्याणनिधीला दिली. त्या आरमारात कृष्णवर्णीयांना तेव्हा स्वयंपाकघर व भोजनगृहातील चाकरीपलीकडे भरती नव्हती. मार्चमध्ये एब सायमनविरुद्धच्या सामन्याची कमाई त्याने सेनेच्या निधीला दिली. स्वतः तो साधा शिपाई म्हणून सैन्यात दाखल झाला आणि सुमारे वीस लाख सैनिकांसमोर त्याने ९६ प्रदर्शनीय लढती केल्या. हे सैन्य वर्णभेदाने दुभंगलेले होते. १९४४ साली अलाबामातील एका लष्करी तळावर बसची वाट पाहताना कृष्णवर्णीयांसाठी राखलेल्या बाकावर बसण्यास त्याने व शुगर रे रॉबिन्सनने नकार दिला, तेव्हा लष्करी पोलिसांनी दोघांना ताब्यात घेतले. जॅकी रॉबिन्सन व इतर कृष्णवर्णीय सैनिकांना अधिकारी-प्रशिक्षणात प्रवेश मिळावा म्हणूनही त्याने आपले वजन खर्च केले. रिंगणाबाहेर मुका राहण्याची अट त्याने अशा प्रसंगी मोडली.

युद्ध संपले आणि हिशेबाची वही उघडली. जी कमाई लुईने राष्ट्राला दिली होती, तीही त्याचेच उत्पन्न धरून तीवर कर आकारण्यात आला. १९४६ च्या बिली कॉनविरुद्धच्या सामन्यात त्याच्या वाट्याला सहा लाखांहून अधिक डॉलर आले. व्यवस्थापक, घटस्फोटित पत्नी, राज्य सरकार आणि जुनी देणी यांत ते विरून गेले. साऱ्या कारकिर्दीत त्याच्या मुठींनी ४६ लाख डॉलर मिळवले आणि त्यांपैकी सुमारे आठ लाखच त्याच्या हाती आले, असा हिशेब सांगितला जातो. व्याज चढत गेले आणि पन्नाशीच्या दशकाअखेर सरकारी देणे दहा लाख डॉलरच्या वर गेले.

यावर एक आक्षेप ठरलेला असतो. लुई उधळ्या होता, गोल्फच्या पैजांत हरत होता, मागेल त्याला देत होता, त्याचे उद्योगधंदे बुडाले. मग दोष व्यवस्थेचा कसा? या दोषांवर पांघरूण घालण्याचे कारण नाही. १९४९ साली निवृत्त होताना त्याने स्वतःच दीड लाख डॉलर घेऊन नव्या मक्तेदार कंपनीला अजिंक्यपदाचे सामने हाती घेण्यास मदत केली, हेही नोंदले पाहिजे. त्या कंपनीची मक्तेदारी मोडण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने १९५९ साली कायम केला. परंतु उधळेपणा श्रीमंतांच्या मुलांतही असतो. त्यांना म्हातारपणी मार खाण्यासाठी रिंगणात उतरावे लागत नाही. कर असावा, मोठ्या उत्पन्नावर जबर असावा, याविषयी समाजवाद्यांच्या मनात शंका नाही. प्रश्न वेगळा आहे. कारखानदाराचे यंत्र झिजते तेव्हा कायदा त्याचा घसारा उत्पन्नातून वजा करू देतो. मुष्टियोद्ध्याचे यंत्र म्हणजे त्याचे शरीर. ते दहा-बारा वर्षांत झिजते, डोक्यावरच्या प्रत्येक ठोशाने झिजते. पण त्या झिजेला हिशेबात रकाना नाही. नफ्याची नोंद होते, घसारा मात्र माणसाच्या अंगावर राहतो.

हा घसारा लुईने कसा भरला, ते पाहावे. कर्जापायी तो परतला. सप्टेंबर १९५० मध्ये एझर्ड चार्ल्सकडून हरला. २६ ऑक्टोबर १९५१ रोजी, वयाच्या ३७ व्या वर्षी, रॉकी मार्सियानोने त्याला आठव्या फेरीत दोरांबाहेर फेकले. १९५६ साली तो तमाशेवजा धंदेवाईक कुस्तीत उतरला आणि तेथे छातीला इजा करून घेतली. साठीच्या दशकाच्या आरंभी प्राप्तिकर खात्याने चालू उत्पन्नापुरतीच वसुली करण्याचे मान्य केले. १९७० साली त्याला मनोरुग्णालयात ठेवावे लागले. अखेरची वर्षे त्याने लास व्हेगासच्या एका जुगारगृहात गिऱ्हाइकांचे स्वागत करण्यात आणि पुढे चाकांच्या खुर्चीत काढली. १२ एप्रिल १९८१ रोजी तो गेला. राष्ट्राध्यक्ष रेगन यांनी नियम शिथिल करून त्याला आर्लिंग्टनच्या राष्ट्रीय दफनभूमीत जागा दिली. अंत्यविधीच्या खर्चाचा काही भार जुना प्रतिस्पर्धी श्मेलिंग याने उचलला, असे सांगतात.

१९८६ साली डेट्रॉइटच्या मध्यवर्ती चौकात त्याचे स्मारक उभे राहिले. सुमारे २४ फूट लांबीचा काशाचा एक हात, मूठ वळलेली. त्याला चेहरा नाही, छाती नाही, पाय नाहीत. शहराच्या अभिमानाचे ते चिन्ह आहे आणि त्याविषयी आदर असावा. पण मालकवर्गानेही कामगाराकडे नेहमी याच नजरेने पाहिले आहे : हात हवेत, हातामागचा माणूस नको.

कॅलिफोर्निया राज्यात १९८२ पासून मुष्टियोद्ध्यांसाठी निवृत्तिवेतनाचा निधी आहे. अमेरिकेच्या काँग्रेसने २००० साली मुहम्मद अलीच्या नावाने कायदा करून जुलमी करारांना आळा घालण्याचा प्रयत्न केला. ही पावले लहान आहेत, पण दिशा योग्य आहे. जो लुईला उभ्या आयुष्यात मिरवणुका कमी पडल्या नाहीत. त्याला उणीव होती ती उघड्या हिशेबाची, संघटनेची आणि म्हातारपणाच्या हक्काच्या भाकरीची. ज्या कार्यकर्त्यांना एखाद्या कष्टकऱ्याच्या पराक्रमाचा अभिमान वाटतो, त्यांनी त्याला खांद्यावर घेण्यापूर्वी त्याचा करार वाचावा आणि तो थकल्यावर त्याचे काय होणार, हा प्रश्न त्याच दिवशी विचारावा.