चालत्या गाडीतून काढलेलं चित्र



सोलापूर स्टेशनात गाडी शिरली की आपण पिशव्या सावरतो, लेकरांचा हात धरतो. त्यात बघण्यासारखं काय, असं वाटतं ना? पण ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात लोकांनी एक रुपया मोजून हेच पाहिलं. गाडी फलाटाला लागते, माणसं चढतात-उतरतात, बस्स. आवाज नाही, गोष्ट नाही. फ्रान्सच्या लुमिएर बंधूंची ही चित्रं जेमतेम मिनिटभराची असायची.

ती गाडी वाफेची होती. पण राणी व्हिक्टोरियाच्या काळातच इंग्लंडात विजेची गाडीही धावू लागली होती. लिव्हरपूलच्या बंदराशेजारी १८९३ पासून उंच लोखंडी पुलावरून ती जायची. १८९७ मध्ये लुमिएरांच्या माणसानं चक्क त्या गाडीत बसून कॅमेरा फिरवला. गाडी पुढं जाते तशी गोदामं, जहाजं मागं सरकत जातात. आपल्या देशात विजेची पहिली गाडी धावली ती ३ फेब्रुवारी १९२५ ला, मुंबईच्या व्हीटीपासून कुर्ल्यापर्यंत.

लिव्हरपूलची ती रेल्वे १९५६ च्या अखेरीस बंद पडली. पुढं पूलही मोडला. चित्र तेवढं राहिलं. उलट आपल्या सावेदादांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्ती चित्रित केली, पण ती फीत आज बघायला मिळत नाही. म्हणजे काढणं जितकं महत्त्वाचं, तितकंच जपणंही.

आता आपलं बघा. हातमागावर चादर विणणारे हात, विडी वळणारी बोटं, पातळ कडक भाकरी थापणारी आजी. रोजचंच म्हणून कुणी टिपून ठेवत नाही. हात थकले की ती कलाही जाते, आणि सुनांना दाखवायला काही उरत नाही.

म्हणून या महिन्याच्या बैठकीत एक ठराव करूया. प्रत्येक गटानं एका ज्येष्ठ मैत्रिणीचं काम मोबाईलवर घ्यायचं. आधी तिला विचारायचं. मोबाईल आडवा धरायचा, तोंडाबरोबर हातही दिसू द्यायचे. तिचं नाव, गाव, तारीख तिच्याच तोंडून वदवून घ्यायची. त्यांच्या चित्रांना आवाज नव्हता, आपल्याला आहे! एक प्रत पेनड्राईव्हवर घालून गटाच्या दप्तरात ठेवायची, कारण मोबाईल बिघडतो, हरवतो.

बचत फक्त पैशांचीच असते का, मैत्रिणींनो?