पटकथाकाराची वाट
(वार्षिक मेळाव्यात, विद्यार्थी-गौरवप्रसंगी केलेले भाषण)



डॉक्टर, इंजिनियर व अधिकारी होऊ पाहणाऱ्या मुलामुलींचे आज आपण कौतुक केले, ते योग्यच झाले. आम्ही मात्र एका निराळ्या विद्येविषयी दोन शब्द बोलणार आहोत. ती विद्या म्हणजे चित्रपटाची पटकथा लिहिणे.

१९३६ साली 'प्रभात'चा 'संत तुकाराम' आला. पागनीसांचा तुकाराम आपल्या वाडवडिलांनी डोळे भरून पाहिला. परंतु तो लिहिणारे शिवराम वाशीकर किती घरांत ठाऊक आहेत? कळस दिसतो, पाया दिसत नाही, त्यातलाच हा प्रकार. २०१२ साली 'तुकाराम' पुन्हा पडद्यावर आला, तेव्हा लेखणी होती अजित दळवी व प्रशांत दळवी यांची, आणि दिग्दर्शन चंद्रकांत कुलकर्णी यांचे. ही मंडळी आपल्या औरंगाबादच्या, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरच्या मातीत वाढलेली. ती आपल्या ज्ञातीची आहेत की नाहीत, हा प्रश्न येथे गौण आहे. गावाचे नाते पुरेसे आहे.

प्रशांतरावांची वाट पाहा. येथील हौशी तरुणांच्या 'जिगीषा' संस्थेत नाटक करता करता ते मुंबईस गेले. १९९१ साली त्यांचे 'चारचौघी' नाटक गाजले. १९९९ साली 'बिनधास्त' चित्रपट आला. त्यात प्रमुख पात्रे साऱ्या स्त्रियाच, आणि पुढच्याच वर्षी त्या कथेवरून तमिळ चित्रपट निघाला. २०१३ च्या 'आजचा दिवस माझा'मध्ये एका अंध वृद्ध गायकास घर मिळावे म्हणून मुख्यमंत्री रात्रभर सरकारी यंत्रणा हलवतात. कचेरीतील कागदाचा प्रवासही प्रेक्षकास खिळवून ठेवतो, हे पटकथेचे सामर्थ्य. या चित्रपटास सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. असा स्वतंत्र लेखक कोणाचा पगारी नोकर नसतो. त्याची मिळकत अनिश्चित असते, हेही आम्ही लपवीत नाही.

आता एक कबुली देतो. आम्ही शिक्षक असताना एका विद्यार्थ्याची वही आमच्या हाती लागली. गणिताच्या तासाला तो संवाद लिहीत होता. "याने पोट भरत नाही," असे बजावून आम्ही ती वही कपाटात कुलूपबंद केली. त्याने ती पुन्हा मागितली नाही. निवृत्त होताना कपाट रिकामे केले, तेव्हा ती वाचली. बाजारात बैल विकून रित्या हाताने परतणारे बापलेक, आणि दोघेही एकमेकांशी बोलत नाहीत, असा तो प्रसंग होता. मुलगा आता कोठे आहे, ते आम्हांस कळले नाही. वही आमच्यापाशीच आहे.

म्हणून विनंती एवढीच, की पुढील वर्षापासून ज्ञातीच्या निधीतून लेखनासाठी एक पारितोषिक ठेवावे. त्याची पहिली वर्गणी आमच्या निवृत्तिवेतनातून आम्ही आजच देत आहोत. पालकहो, मुलांचे शिक्षण अवश्य पुरे करून घ्या. परंतु त्यांची वही कुलपात ठेवू नका.