सशाचे दात



घरी पाळलेल्या सशाचे दात,
पुढचे असोत वा आतल्या दाढा,
आजन्म वाढतच राहतात;
आणि ती वाढ झिजवून मर्यादेत ठेवण्याची निसर्गाची तजवीज
म्हणजे दिवसभर चघळलेले वाळके गवत.

गाजर आणि पाव यांवरच ज्याची गुजराण चालते,
त्या सशाच्या दाढांना अणकुचीदार टोके येतात,
ती जिभेला, गालाला रुततात,
आणि भूक असूनही ते मुके जनावर
ताटलीपाशी येऊन तोंड फिरवते.
म्हणून पुन्हा सांगतो:
वाळके गवत, रोज, आणि भरपूर.

हनुवटी लाळेने ओली दिसली,
लेंड्या कमी झाल्या,
तर पशुवैद्याकडे जाण्यास हयगय करू नये;
उपाशी सशाची आतडी मंदावतात,
आणि दिवसभरातच जिवावर बेतते.

नखे कापायच्या कात्रीने घरीच दात छाटणे
हा तर निव्वळ अघोरी प्रकार;
दात मुळापर्यंत उभा चिरू शकतो.